उजवा कोपरा

"घ्या की दादा, अजून अर्धी. बाजरीची हाय, जड नाय पडत," असं म्हणत यशोदेनं जयरामच्या ताटात भाकरी टाकलीसुद्धा.

जयराम अहिरेनं ताटावर हात आडवा धरला, पण तोवर उशीर झाला होता. "वहिनी, उद्या मला पळायचंय," तो म्हणाला.

"पळा की. पर आमच्या मालकांच्या बाजूनं येऊ नका. तिकडं कडी लागलेली असती."

लहानूकाका मिशीत हसले. जयरामही हसला. ज्याच्याबद्दल हे बोलणं चाललं होतं तो सहादू मात्र खाली मान घालून वाटीतलं कालवण भाकरीवर ओतत राहिला. बायकोनं चारचौघांत केलेलं कौतुक त्याला कधी पचत नसे.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी गंगेकाठच्या मैदानावर कबड्डीचा अंतिम सामना होता. एका बाजूला सातपूरच्या कारखान्याचा संघ. त्यात सहादू गांगुर्डे उजव्या कोपऱ्यावर खेळायचा. दुसऱ्या बाजूला मुंबईचा एक मोठा संघ, आणि त्यांचा हुकमी चढाईपटू हा जयराम. म्हणजे उद्या ज्याचा घोटा धरायचा, त्यालाच आज सहादूच्या घरात आग्रह करकरून जेवू घातलं जात होतं. वस्तीत कुणाला यात काही वावगं वाटलं नाही. आपल्यातला खेळाडू बाहेरगावाहून आला तर त्यानं खाणावळीत जेवायचं नाही, ही सातपूरच्या बौद्ध वस्तीची रीत होती. ज्यांना गावोगाव पाण्यासाठी ओंजळ धरावी लागली होती, त्यांच्या पोरांनी घातलेली ती रीत. कोण कोणाकडून खेळतो ते मैदानावर पाहायचं, चुलीपाशी नाही. जयरामला मुक्कामाच्या शाळेतून घेऊन आले होते ते लहानूकाका. रेल्वेत गँगमन होते, आणि वस्तीतल्या दोन पिढ्यांना त्यांनी नाल्याकाठच्या पटांगणात खेळ शिकवला होता.

"ह्याला कोपरा म्या दिला," काकांनी जयरामला सांगितलं. "पोरगं दमात कच्चं, पळण्यात बरं. पर धीर असा, की बगळ्यानं शिकून जावं. म्हणलं, तू कोपऱ्यावर ऱ्हा. कोपरा म्हंजी दाराची कडी. पाव्हणे येत्यात, दार बघत्यात, तोरण बघत्यात. कडीकडं कोन बघतं का? चोर आला म्हंजी कळतं, हाय का नाय ते."

सहादूच्या साऱ्या खेळाचं वर्णन त्यात आलं होतं. चढाई करणारा मध्यरेषेवरून दम घुमवत येतो तेव्हा टाळ्या त्याला असतात. मधले गडी झडप घालतात तेव्हा आरोळ्या त्यांना असतात. कोपऱ्यावरचा माणूस नुसता वाकून उभा असतो. एक पाय पुढे टाकून आमिष दाखवतो, मागे घेतो, पुन्हा दाखवतो. शेजारच्या गड्याचा हात हातात धरून साखळी केलेली असते, आणि समोरच्याचं वजन कोणत्या पायावर आहे एवढंच त्याला बघायचं असतं. मग एका क्षणी तो जमिनीवर पडतो आणि घोटा त्याच्या पंजात असतो. त्याच्या अंगावर सहाजण कोसळतात. ते उठेपर्यंत टाळ्या कुणाच्या तरी होऊन गेलेल्या असतात.

या घोट्याच्या पकडीवरच कारखान्यानं त्याला घेतलं होतं. बाप भिकन निफाडकडे ऊस तोडून तोडून संपला. पोराच्या हाताला कोयत्याऐवजी कारखान्याचं दार लागलं, याचं घरात सगळ्यांनाच अप्रूप. नोकरी अजून कायम नव्हती. खेळाडूंना आधी तात्पुरतं घेत, संघात टिकला की कायम करत. सहादू संघात टिकला होता. साखळीत त्याचा हात धरायचा तो कॅप्टन रंगनाथ बोरस्ते. चार हंगाम दोघांनी एकमेकांचे हात धरले होते. कोणता हात किती दाबला की 'थांब' आणि किती दाबला की 'घे', हे त्यांना बोलावं लागत नसे.

"कॅप्टनास्नी बी बोलवायचं हुतं की," यशोदा म्हणाली.

"बोलावलं होतं. आज त्याचा गुरुवार."

"मागल्या टायमाला मंगळवार हुता. पोराच्या बारशाला चतुर्थी हुती. वारच लय हायत ओ तुमच्या कॅप्टनाचे." ती चुलीतलं लाकूड मागे ओढत म्हणाली, "उपास म्या बी करते, दर पौर्णिमेला. पर माझ्या उपासाला माणूस चालतं."

"यशोदे," सहादू हलकेच म्हणाला.

"ऱ्हायलं. नाय बोलत."

बोलायची ती थांबली, पण खरं तेच होतं. व्रत धरलेलं माणूस दुसऱ्याच्या दारात पाणी तरी घेतं, निदान ओट्यावर टेकतं. रंगनाथ चार वर्षांत वस्तीच्या कोपऱ्यापर्यंत आला होता, सायकलची घंटी वाजवून सहादूला हाक मारायला. त्यापुढे त्याचं चाक कधी आलं नाही. देवाचं नाव घेऊन माणसाला टाळायचं, आणि वर आपण देवाचं केलं असं मानायचं. सहादूला ते कळत होतं. मैदानावर मातीनं माखलेला हात तो न कचरता धरतो ना, मग पुरे, असं त्यानं मनाशी ठरवून टाकलं होतं.

दुसऱ्या दिवशी मैदानाभोवती माणसांचं रिंगण इतकं दाट झालं, की पोलिसांना दोर धरून उभं राहावं लागलं. कारखान्याचे लोक ट्रकमधून आले होते. वेल्फेअर ऑफिसर मोघेसाहेब खुर्चीवर बसले होते आणि त्यांच्या शेजारी मोठे साहेब. सामना पहिल्यापासून अटीतटीचा झाला. जयरामला सहादूनं दोनदा घोट्यात धरून आडवा केला. दुसऱ्यांदा तर त्यानं पाय असा ओढला, की जयराम मातीत घसरत मध्यरेषेपासून हातभर अलीकडे राहिला. लोकांनी रंगनाथच्या नावानं ओरडून घेतलं, कारण वरून झडप घातलेली त्यांना तोच दिसला होता.

शेवटच्या मिनिटाला गुण सारखे झाले. शेवटची चढाई जयरामची. तो आला, डावीकडे झुकला, तिकडून फिरला आणि थेट सहादूच्या अंगावर आला. सहादूनं पुढे दिलेला पाय मागे घेतला. साखळीत रंगनाथच्या हातानं 'थांब' सांगितलं. त्याच वेळी जयरामनं मागे वळता वळता पाय लांबवला, आणि त्याच्या अंगठ्याचं नख सहादूच्या पोटरीवरून गेलं. मांजरानं ओरखडावं तेवढंच. सहादूचं अंग दचकलं, तो दचका हातातून रंगनाथच्या हातात गेला, आणि जयराम रेषा ओलांडून पलीकडे पोचला.

जयरामनं बोट वर करून गुण मागितला. जवळच्या पंचांनी मान हलवली, त्यांना काही दिसलं नव्हतं. सामन्याच्या सरपंचांनी, म्हणजे मुख्य पंचांनी, पलीकडच्या पंचांकडे पाहिलं. त्यांनीही हात आडवा फिरवला. रिकामी चढाई. मैदानाभोवती एकच आरोळी उठली. आता जादा डाव होणार, आणि जादा डावात घरचा संघ दमदार होता.

आणि सहादूचा हात वर गेला.

पुढे कित्येक वर्षं तो यशोदेला सांगायचा, "म्या नाय नेला. गेला." नाल्याकाठच्या पटांगणात लहानूकाकांनी पोरांना हेच सगळ्यात आधी शिकवलं होतं. लागलं की हात वर करून बाजूला व्हायचं. तिथं पंच कुठला असणार? पोरंच खेळायची, पोरंच पंच. खोटं बोललं की खेळच मोडायचा आणि मग संध्याकाळ कशी घालवायची? म्हणून ते हाताच्या हाडात गेलं होतं. त्यामागे त्या घडीला शील नव्हतं, धर्म नव्हता, मोठेपणा तर मुळीच नव्हता. डोळ्यापाशी माशी आली की पापणी मिटते, तसं झालं.

सरपंचांनी शिट्टी वाजवली. गुण मुंबईला गेला आणि सामनाही. जयराम रेषा ओलांडून आला, वाकला आणि सहादूच्या पायाला त्यानं हात लावला. त्यानं ते मनापासून केलं, पण हजारो लोकांच्या देखत केलं, आणि आदल्या संध्याकाळी तो कुठं जेवला हे तोवर खुर्च्यांपर्यंत पोचलं होतं.

संघ मेटाडोरमधून परत निघाला. त्र्यंबक नाका मागे पडल्यावर मागच्या बाकावरून एकजण म्हणाला, "काय रे सहादू, काल कालवण झकास झालं होतं म्हणे."

दुसरा म्हणाला, "पाहुण्याला आवडलं असेल. पाया पडून गेला."

"तुमच्यातलाच तो. घरचाच म्हण ना."

गाडीत हसणं झालं. सहादूनं रंगनाथकडे पाहिलं. रंगनाथ खिडकीबाहेर बघत होता. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, अंधार पडला होता.

सकाळी मोघेसाहेबांनी सहादूला बोलावून घेतलं. त्यांनी आवाज चढवला नाही. "गांगुर्डे, तुला खेळाडू म्हणून घेतला होता. साधू म्हणून नाही," एवढंच ते म्हणाले आणि समोरचे कागद चाळू लागले.

"साहेब, लागलं होतं."

"पंचांना दिसलं का?"

"नाय."

"मग झालं तर. जा आता."

त्यानंतर जे झालं त्याला नाव देता येत नाही, आणि संताप येतो तो त्याचाच. त्याला कामावरून काढलं नाही. काढलं असतं तर युनियनकडे जाता आलं असतं. सामना विकला, असं कुणी त्याच्या तोंडावर म्हटलं नाही. म्हटलं असतं तर त्याची गचांडी धरता आली असती, निदान 'नाही' तरी म्हणता आलं असतं. आरोपच केला नाही तर खुलासा कुणापुढे करायचा? पुढच्या हंगामाला सरावासाठी नावं पुकारली, त्यात त्याचं नव्हतं. उजव्या कोपऱ्यावर एक नवा पोरगा उभा राहिला. बाकीचे सगळे कायम झाले, सहादू मागे राहिला. मग त्याला भट्टीखात्यात टाकलं. सुटे भाग तापवून कडक करायचं ते खातं. तिथं उन्हाळ्यात माणसं कामाला नको म्हणत. कायम झाला तोही तिथंच, सगळ्यांच्या नंतर, आणि भट्टीवर माणूस टिकत नाही म्हणून. संघाची नंबरची बनियन परत घेतली, ती घ्यायला शिपाई घरी आला होता. यशोदेनं बनियन धुऊन, घडी घालून दिली. "इस्त्री नाय आमच्याकडं," ती शिपायाला म्हणाली, "साहेबास्नी म्हणावं, चालवून घ्या."

वस्तीतही सगळे काही त्याच्या बाजूनं नव्हते. "येडा हायस तू," असं म्हणणारे होते. "आपल्या लोकांनी तर डोळ्यात तेल घालून ऱ्हायला पायजे. ते टपलेलेच असत्यात. तू तर आयतं दिलं." पुष्कळ दिवस सहादू स्वतःच्या उजव्या हाताकडे असा बघायचा, जसं घरातल्या पोरानं परक्याच्या घरी काही फोडून ठेवावं. हा हात खाली राहता तर काय बिघडलं असतं, असं त्याच्या मनात शंभरदा आलं. तो काही संत नव्हता. त्याला खेळायचं होतं.

लहानूकाका एकदा येऊन बसले. चहा झाला. काकांनी विचारलं, "खरंच लागलं हुतं ना रं?"

"हां."

"मंग," काका म्हणाले, आणि पुढचं काही त्यांना सापडलं नाही. त्यांनी रिकामी कपबशी पुढे सरकवली आणि उठले. जाताना त्यांनी सहादूच्या खांद्यावर हात ठेवला तेव्हा सहादूला वाटलं, काकाच माफी मागतायत.

तरी तो दोन-तीन वर्षं वस्तीच्या संघातून खेळला. यात्रेतले सामने, पैजेचे सामने, कधी निफाड, कधी ओझर. गुडघा बोलू लागला होता, पण पंजात घोटा आला की सगळं विसरायला व्हायचं. चांदवडच्या यात्रेत एका सामन्यात त्यानं एक मोठी पकड केली. उठून धूळ झटकत होता, तेव्हा गर्दीतून आवाज आला, "विचारा रे, आज कोणाचं खाल्लंय ते."

लोक हसले. त्यांतल्या अर्ध्यांना तर कशावर हसतोय हेही ठाऊक नसणार. सातपुरापासून इतक्या लांब, कांद्याच्या गाड्या भरणाऱ्या गावात ते बोलणं त्याच्या आधी येऊन बसलं होतं. सहादूनं पंचांना हात जोडले, रेषेबाहेर आला आणि सदरा घातला. डाव अर्ध्यावर होता. घरी आल्यावर तो यशोदेला म्हणाला, "ती चड्डी कापून फडकं कर."

"धुते. ऱ्हाऊ द्या पेटीत."

"फडकं कर म्हणलं ना."

तिनं फडकं केलं. तव्यावरची भाकरी उतरवायला ते बरं पडायचं.

असा त्याचा खेळ संपला. बत्तिसाव्या वर्षीच संपला. लोकांचे संपतात गुडघ्यानं, पाठीनं, वयानं. त्याचा एका जेवणानं आणि एका खऱ्यानं संपला.

त्या अंतिम सामन्याला नऊ वर्षं झाली. सहादूचे केस कानापाशी पांढरे झाले, हातावर भट्टीचे डाग पडले. रंगनाथ फोरमन झाला. मोघेसाहेब मोठ्या खुर्चीवर गेले. मग कारखान्याला पंचवीस वर्षं झाली म्हणून मोठा सोहळा ठरला. पताका, मंडप, जेवणं, आणि खात्याखात्यांचे कबड्डीचे सामने. सामन्यांत पहिल्याच दिवशी मारामारी झाली. मशीनखातं म्हणे पंच विकत घेतला, जुळणीखातं म्हणे पंच आंधळा. बाहेरून आणलेला पंच दुसऱ्या दिवशी आलाच नाही. अंतिम सामना या दोघांतच होता, आणि कुठल्याही पंचाचं नाव निघालं की एक ना एक बाजू उठून जायची.

तेव्हा मशीनखात्यातून कुणीतरी म्हणालं, "गांगुर्डेला उभा करा. भट्टीवाल्या."

जुळणीखात्याचे लोक लगेच म्हणाले, "सहादू असेल तर आमची काही हरकत नाही. तो सख्ख्या भावाला बाद देईल."

सगळ्यांचं झटक्यात एकमत झालं. नऊ वर्षांत एवढ्या लवकर त्या कारखान्यात कशावरच एकमत झालं नव्हतं.

मोघेसाहेब स्वतः भट्टीखात्यात आले. मागून एक माणूस पांढरा टी-शर्ट आणि शिट्टी घेऊन उभा. "गांगुर्डे," साहेब म्हणाले, "उद्या अंतिम सामन्याला तू सरपंच. सगळ्यांनी तुझंच नाव घेतलं. अरे, तुझ्या प्रामाणिकपणाची सगळ्या कारखान्याला खात्री आहे."

सहादूनं हातातली सळई खाली ठेवली. भट्टीचा आवाज मोठा होता, त्याला वाटलं ऐकण्यात चूक झाली. चूक नव्हती. सगळ्यांना ठाऊक होतं. कुणाला आज सकाळी साक्षात्कार झाला नव्हता. त्यानं सामना विकला नाही, हे त्यांना तेव्हापासूनच माहीत होतं. मेटाडोरमध्ये हसणाऱ्यांना माहीत होतं आणि बनियन परत मागवणाऱ्यांनाही. माहीत असून त्यांनी त्याला भट्टीत घातलं होतं, आणि आता भांडण मिटेना म्हणून बाहेर काढत होते. चुकून केलेला अन्याय माणूस गिळतो. समजून उमजून केलेला कसा गिळायचा?

"साहेब, मी येतो," सहादू म्हणाला. आवाज त्याचा शांत होता. "पर सामन्याआधी माईक घेऊन भोंग्यावर सांगा. नऊ वर्षांपूर्वी सहादू गांगुर्डेनं सामना विकला नव्हता, एवढंच."

मोघेसाहेबांच्या कपाळावर आठी आली. "विकला असं तुला म्हटलं कुणी होतं? कारखान्यानं कधी म्हटलं?"

"नाय म्हटलं."

"मग जे म्हटलंच नाही ते खोटं होतं असं कसं सांगायचं? सणाचा दिवस आहे. पाहुणे येणार आहेत."

"तेच म्हणतो साहेब. एवढे लोक एका जागी पुन्हा कधी येतील?"

साहेबांनी शिट्टी स्टुलावर ठेवली. "विचार कर," म्हणाले आणि गेले.

संध्याकाळी त्यानं घरी सांगितलं. यशोदा दिवा लावत होती. बुद्धवंदना झाल्याशिवाय ती बोलत नसे, तेवढा वेळ तो थांबला. मग ती म्हणाली, "जावा की. लोकांनी मानानं बोलवलंय."

"मान हाय का गरज हाय?"

तिनं दिव्याची वात पुढे सारली. "म्या त्या दिवशी भाकरी जास्तीची वाढली," ती म्हणाली. "मला लय येळा वाटतं, मीच तुमचं—"

"गप. उद्या कुणी आलं तर उद्या बी वाढ." तो एवढ्या जोरात कधी बोलत नसे. "खाऊ घातलं त्यात पाप नाय आणि हात वर केला त्यात बी नाय. पाप कुनी केलं ते त्यांनी सांगावं. म्या कशाला पांघरूण घालू?"

सोहळ्याच्या दिवशी सगळ्यांना सुट्टी होती, फक्त भट्टीला नव्हती. आत माल होता, आणि मधेच आच सोडली तर तो फुकट जातो. सहादूनं ती पाळी आपणहून मागून घेतली. दुपार कलली तसा रंगनाथ आला. अंगावर नवा सफारी, कपाळाला गंध. खात्यात दुसरं कुणी नव्हतं.

"सहादू, चल यार. दोन्ही संघ उभे आहेत. तुझ्यावाचून अडलंय."

"साहेब सांगणार हायत का भोंग्यावर?"

"तू पण ना. कुठलं मढं कुठं उकरतो."

"मढं त्यांचं आसंल. मी जिता हाय." सहादू त्याच्यासमोर येऊन उभा राहिला. "रंगनाथ, एक विचारू? खरं सांग. त्या दिवशी माझा हात तुझ्या हातात होता. मला नख लागलं तेव्हा तुला कळलं होतं का नाही?"

रंगनाथनं भट्टीकडे पाहिलं. घाम पुसला. खोटं बोलायला जागा नव्हती. चार हंगाम तो हात त्यानं धरला होता.

"कळलं होतं," तो म्हणाला.

"मग गाडीत का नाय बोललास?"

"पोरं चिडली होती. साहेब तापले होते. आणि तो तुझ्याकडे जेवला होता, ते काही खोटं नव्हतं ना. मी मधे पडलो असतो तर मलाही..." त्यानं वाक्य सोडून दिलं. "मला टीम सांभाळायची होती."

"मी टीममध्ये नव्हतो?"

रंगनाथनं घड्याळ पाहिलं.

"तू सांग मग. साहेब नाय तर तू. फोरमन हायस, लोक ऐकतील. दोन वाक्यं. मला कळलं होतं, त्याला लागलं होतं."

"आज नको रे. मोठे साहेब पाहुण्यांबरोबर बसलेत. नंतर बघू, मी बोलतो निवांत."

"बरं," सहादू म्हणाला. त्यानं स्टुलावरची शिट्टी उचलून रंगनाथच्या हातात दिली. देताना दोघांची बोटं लागली. रंगनाथ सफारीचा गळा सैल करत बाहेर पडला.

थोड्या वेळानं भोंगा सुरू झाला. आधी खरखर, मग कुणीतरी फुंकर मारून पाहिली. मग आवाज आला. "श्रीयुत सहादू भिकन गांगुर्डे यांना विनंती आहे, त्यांनी कृपया मैदानावर यावे."

बापाच्या नावासकट कारखान्यात त्याला कुणी कधी हाक मारली नव्हती. हजेरीला तो गांगुर्डे होता, बाकी वेळी भट्टीवाला. सहादूनं हातमोजे चढवले.

"श्रीयुत सहादू भिकन गांगुर्डे, आपण जिथे असाल तिथून..."

पत्र्यावरून तो आवाज घुमत आला, पलीकडच्या कारखान्यांच्या भिंतींवर आपटला आणि वस्तीच्या दिशेनं गेला. यशोदेला घरात ऐकू जात असणार. लोक टाळ्या वाजवू लागले होते, तालावर, बोलावण्यासाठी वाजवतात तशा.

सहादूनं सळईनं भट्टीचं दार बोटभर उघडलं आणि आतला रंग पाहिला. माल गडद लाल झाला होता, केशरी व्हायला अजून वेळ होता. तोंडावर झळ येऊ देऊन तो नीट बघत राहिला. मग त्यानं दार लावून घेतलं, स्टूल सावलीत ओढलं आणि बसला. बाहेर त्याचं नाव पुन्हा पुकारलं जात होतं.